पेशी कुठली?

फेब्रुवारी-मार्चात सांगलीच्या बाजारात द्राक्षं घ्यायला नानाकाकांबरोबर जाऊ नये. गेलात तर द्राक्षं मिळतात, पण ऊन उतरल्यावर. नानाकाका गाड्यावरचा घड उचलतात, उजेडाकडे धरतात आणि एक मणी तोडतात. तोंडात टाकत नाहीत. अंगठ्याच्या नखाने तो उभा चिरतात आणि आतला तिळाहून बारीक पांढुरका ठिपका शेजारी उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाला दाखवतात. “बघा. ही बी. व्हायची राहून गेलेली.”

गिऱ्हाईक घाईत असतं. काहीतरी बोलायचं म्हणून ते बोलून जातं, “बिनबियांची म्हणजे इंजेक्शनची असणार हो. हल्ली सगळंच तसलं.”

झालं. नानाकाकांची पिशवी खाली ठेवली जाते. “इंजेक्शन? एका वेलीवर मणी किती, मोजलेत का कधी? कोण बसलंय एकेकाला टोचत?” मग ते सांगतात की, कोण्या जुन्या काळी एका वेलीच्या एका जनुकात एक बदल झाला आणि बी धरेनाशी झाली. बी नाही म्हणजे वंश नाही. तो वेल तिथंच संपायचा. पण माणसाच्या जिभेला चव लागली, त्याने काडी तोडली, लावली, आणि तीच काडी लावत लावत आपण इथवर आणली. शेतकरी घड बुडवून काढतात ते जीए नावाच्या संजीवकात, मणी लांबावा म्हणून. बियांचा त्याच्याशी संबंध नाही. थॉमसन सीडलेसच्या बागेत कुणाला तरी मांडवाखाली एक काडी निराळी दिसली, मण्यांची ठेवण वेगळी दिसली, त्याने तेवढीच काडी जपली. आपल्या तासगावकडची तास-ए-गणेश अशी निघाली, सोलापूरजवळच्या नान्नजची सोनाका अशी निघाली. “आणि पेशी कुठली? डोळ्यातली! काडीच्या एका डोळ्यातली एक पेशी बदलली, त्या डोळ्यातून फूट निघाली ती अख्खी बदललेली. ह्याला म्हणतात म्युटेशन.”

“व्हय सर,” गाडीवाला म्हणतो. “किती देऊ?”

“अर्धा किलो.”

प्रत्येक सोसायटीत राजकारणाचा एक जाणकार असतो, शेअर बाजाराचा एक असतो आणि कशावरही ओवा सुचवणारा एक असतो. आमच्याकडे हे तिघं आहेतच. शिवाय नानाकाका आहेत. ते कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून निवृत्त झाले. गावातल्या निम्म्या डॉक्टरांनी आयुष्यातलं पहिलं झुरळ त्यांच्यासमोर फाडलं आहे. अर्ध्या बाह्यांचा बुशशर्ट, खिशात लाल रिफिलचं पेन आणि कातडी पिशवीतलं घडीचं भिंग. लाल पेन सवयीचं. वर्तमानपत्र वाचतानाही ते उघडं असतं. ‘त्याच्या डीएनएतच क्रिकेट आहे’ असं छापून आलं की त्याच्याखाली लाल रेघ आणि समासात बारीक अक्षरात ‘कुठे?’.

त्यांची दोन वाक्यं सोसायटीतल्या पोरांना पाठ आहेत. पहिलं, “तसं नसतं ते.” हे समोरच्याचं वाक्य पुरं व्हायच्या आत येतं. दुसरं, “पेशी कुठली?” हे आलं की समजावं, आता चहा होणार.

दुसऱ्या वाक्याचा उगम स्पायडर-मॅनमध्ये आहे. नातू सुट्टीला आला होता. पडद्यावर त्या मुलाला कोळी चावला, तो तापाने फणफणला आणि सकाळी उठून भिंतीवर चढला. नातू श्वास रोखून बघत होता. नानाकाकांनी रिमोट घेऊन चित्र थांबवलं.

“पेशी कुठली बदलली?”

“कुठली म्हणजे? सगळ्या!”

“सगळ्या? अरे, अंगात ३० लाख कोटी पेशी असतात. कोळी चावला एका बोटाला. फार तर तिथल्या चार पेशी बदलतील, आणि त्याही चार तऱ्हांनी. त्यातून भिंतीवर चढता येत नाही, फार तर एक गाठ येते. सगळ्या पेशींत एकच बदल हवा असेल, तर तो पहिल्याच पेशीत व्हायला हवा. म्हणजे आईच्या पोटात यायच्या आधी किंवा आल्या आल्या. म्हणजे कोळ्याने चावायचं तर आई-बाबांना चावायला पाहिजे.”

नातवाने आजीकडे पाहिलं. आजीने रिमोट काढून घेतला. पण त्या दिवसापासून दोनशे पानी वहीत एक तक्ता सुरू झाला. रकाने चार : सिनेमा, पेशी, लागलेला वेळ, गुण. स्पायडर-मॅनपुढे शेरा आहे : ‘१९६२च्या चित्रकथेत कोळी किरणोत्सर्गी, २००२च्या सिनेमात जनुकं बदललेला. चाळीस वर्षांत कोळी सुधारला, चावणं तेच. १/१०.’

हल्कला शून्य. गॅमा किरणांचा एवढा मारा बसल्यावर माणूस हिरवा होऊन गाड्या उचलत नाही, गाडीत घालून न्यावा लागतो, असं ते म्हणतात. महाकाय मुंग्यांच्या ‘देम!’ला अर्धा गुण, तोही कृष्णधवल छायाचित्रणाला. तिथे ते जे. बी. एस. हाल्डेनना घेऊन येतात. हाल्डेनचा उल्लेख ते सख्ख्या मामाचा करावा तसा करतात, कारण हा मोठा माणूस १९५७ साली इंग्लंड सोडून कलकत्त्याला आला, भारताचा नागरिक झाला आणि भुवनेश्वरला वारला. “आपल्या हाल्डेननी १९२६ सालीच लिहून ठेवलंय. प्राणी लांबी-रुंदी-उंचीला दहापट केलात की वजन हजारपट होतं, आणि पायाच्या छेदाचं क्षेत्रफळ वाढतं शंभरपटच. मुंगी पहिल्या पावलाला कोसळेल. नायकाला बंदूक काढायचीही गरज नाही.”

एक्स-मेनला मात्र चार गुण आहेत, आणि वहीतला हा आकडा बघून मीही चकित झालो. “चार का?” मी विचारलं.

“प्रामाणिकपणाचे. १९६३ साल. स्टॅन लीला नवे वीर हवे होते आणि दरवेळी कोळी कुठून आणायचा, स्फोट कुठून आणायचा, याचा त्याला कंटाळा आला होता. तो म्हणाला, हे जन्मतःच असे. सुटला! आणि नकळत बरोबर बोलला. जन्मतःच म्हणजे बदल बीजपेशीतला. माझ्या प्रश्नाचं उत्तर देणारा हा एकटाच.”

“मग सहा गुण कशाचे कापले?”

“एकाला पंख आणि एकाच्या डोळ्यांतून किरण. तसं नसतं ते.”

गॉडझिलाच्या ओळीत विज्ञानापुढे शून्य आहे आणि कंसात लिहिलंय : ‘इतिहासाला पैकीच्या पैकी.’ हे समजावून सांगताना त्यांचा आवाज खाली येतो. १ मार्च १९५४ला अमेरिकेने बिकिनी बेटावर हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली. तिची राख दूर समुद्रात ट्यूना पकडणाऱ्या एका जपानी होडीवर पडली. २३ खलाशी होते. त्याच वर्षी नोव्हेंबरात गॉडझिला जपानच्या पडद्यावर आला. “तो सरडा नाही रे, ती राख आहे,” नानाकाका म्हणतात. “हिरोशिमातून वाचलेल्यांच्या मुलांच्या पाहण्या वर्षानुवर्षं चालल्या. ज्यांनी किरणं खाल्ली त्यांना कर्करोग झाले, हाल झाले. पण त्यांच्या पोटी जन्मलेल्या मुलांत आनुवंशिक दोष वाढल्याचं काही दिसलं नाही. राक्षस जन्मले नाहीत. लोकांनी मात्र त्या पोरांची लग्नं जमवताना हात आखडले. राक्षस कुठे होते ते बघ.”

एवढं बोलून ते भानावर येतात आणि ‘क्रिश ३’कडे वळतात. २०१३च्या दिवाळीत तो त्यांनी थिएटरात जाऊन पाहिला. माणसात जनावराचा डीएनए मिसळून केलेले ‘मानवर’ पडद्यावर आले, एकाची जीभ बेडकासारखी लांब सुटली, आणि नानाकाका काळोखात म्हणाले, “आयुष्यभर बेडूक फाडले. जिभेला हाडाचा आधार लागतो, स्नायू लागतात, मेंदूत तिचा हिशोब लागतो. नुसती जीभ येऊन भागत नाही.” मागच्या रांगेतून कुणी तरी “ओ काका!” म्हणालं. ते त्यांनी शंका समजून उत्तर दिलं.

या सगळ्याची खरी किंमत काकू मोजतात. एकदा फडताळाआड त्यांना बाटली सापडली. तोंडाला मलमलीचं फडकं, आत काळं पडलेलं केळं आणि चिलटांचा एक मोठा संसार. नानाकाका भिंगातून त्यातलं पांढऱ्या डोळ्यांचं चिलट शोधत होते. १९१० साली न्यूयॉर्कमध्ये कोलंबिया विद्यापीठातल्या एका खोलीत, दुधाच्या बाटल्या आणि केळी यांच्या गर्दीत, टॉमस हंट मॉर्गनना लाल डोळ्यांच्या चिलटांत एक पांढऱ्या डोळ्यांचं दिसलं आणि त्यातून आनुवंशिकीचं आधुनिक शास्त्र उभं राहिलं. मॉर्गनना १९३३चं नोबेल मिळालं. मग त्यांचाच विद्यार्थी म्युलर, त्याने १९२७ साली याच चिलटांवर क्ष-किरण सोडून दाखवलं की म्युटेशनं मुद्दाम घडवता येतात. त्याला १९४६चं नोबेल. “एका चिलटाने घराण्यात दोन नोबेलं आणली,” नानाकाका म्हणाले.

“आपल्या घराण्यात जुलाब आणेल,” काकू म्हणाल्या आणि बाटली खाली अंगणात गेली.

पण काकूंच्याच स्वयंपाकघरात नानाकाकांना सर्वांत मोठं यश आहे. पाहुणा भाकरीबरोबर शेंगदाण्याची चटणी घेऊ लागला की ते थांबतात, त्याचा पहिला घास जाऊ देतात आणि म्हणतात, “म्युटंट खाल्लात तुम्ही.” पाहुण्याचा हात ताटातच राहतो. मग तुर्भ्याची कथा येते. भाभा अणुसंशोधन केंद्राने शेंगदाण्याच्या बियांवर किरणांचा मारा केला, हजारो रोपांतून कामाची निवडली. १९७३ साली त्यातला पहिला वाण बाहेर आला. पुढे अकोल्याच्या कृषी विद्यापीठाबरोबर टीएजी-२४ आला. टी म्हणजे ट्रॉम्बे, ए म्हणजे अकोला, जी म्हणजे ग्राउंडनट. उडदात टीएयू-१ आला. “किरणं हल्कच्या वाट्याला, शेंगा आपल्या. गव्हाचंही तेच! मेक्सिकोहून आलेला सोनोरा-६४ लालसर होता. आपल्या लोकांना लाल पोळी चालेना. दिल्लीत स्वामिनाथन यांच्या चमूने किरणं सोडली आणि १९६७ साली शरबती सोनोरा आला, सोनेरी दाण्याचा. पोळीचा रंग बदलायला अणुशास्त्र लागलं, सिनेमावाल्यांना हे कधी दिसत नाही.” पाहुणा धीर करून दुसरा घास घेतो. काकू हळूच सांगतात, “दाणे कोपऱ्यावरच्या दुकानातले आहेत हो. काळजी नसावी.”

नानाकाकांना बोलवावं की नाही, असा पेच खऱ्या अर्थाने पडतो तो बारशाला. वरच्या मजल्यावरच्या जोडप्याला उशिरा मुलगी झाली. बाबा चाळिशी पार केलेले. पाळणा झाला, घुगऱ्या वाटल्या, आणि दोन्हीकडच्या आज्या नेहमीच्या सामन्याला उतरल्या. नाक आमच्याकडचं, कपाळ तुमच्याकडचं, घारे डोळे मात्र आमच्याच पणजीचे, असं चाललं होतं. घाऱ्या डोळ्यांचा मुद्दा जरा ताठ मानेने मांडला गेला. नानाकाका घुगऱ्या चघळत होते. म्हणाले, “घारा म्हणजे रंगद्रव्य कमी पडलेला डोळा. काम अर्धवट राहिलंय, कौतुक कसलं?”

सन्नाटा. आणि तो भरून काढावा म्हणून ते पुढे बोलले. “शिवाय हिच्यात साठ-सत्तर बदल असे आहेत की ते इकडचेही नाहीत आणि तिकडचेही नाहीत. अगदी नवे. प्रत्येक बाळात असतात. बहुतेक वडिलांकडून येतात, आणि वडिलांचं वय वर्षाने वाढलं की दोनएक बदल वाढतात.”

सगळ्यांच्या माना बाळाच्या बाबांकडे वळल्या. आईकडच्या आजींचा चेहरा खुलला. “म्हणजे जे काही असेल ते तुमच्याकडचंच म्हणायचं!” बाबांनी घुगऱ्यांची वाटी खाली ठेवली. त्यांना एकदम त्यांचं वय झालं.

तेव्हा नानाकाकांनी कोटाच्या आतल्या खिशातून कुणाच्या तरी लग्नाची पत्रिका काढली. (समारंभाला ते कोट घालतात आणि त्यात मागच्या समारंभाची पत्रिका असते.) “हे बघा. पेशी दोन होते तेव्हा तीन अब्ज अक्षरांची नक्कल होते. छापखान्यात चूक होतेच. आता या पत्रिकेत वेलबुट्टीत एक पान कमी छापलं गेलं तर कुणाला कळणार आहे? बहुतेक म्युटेशनं अशी वेलबुट्टीतली. मुहूर्ताची वेळ चुकली तर मात्र अनर्थ. तीही होतात, क्वचित. आणि हे शेवटचं वाक्य बघा : ‘आहेर आणू नये.’ यातली मोकळी जागा एक अक्षर पुढे सरकली तर काय होईल?”

बाबांनी वाचलं. “आहेर आणून ये.”

“अक्षर एकही बदललं नाही आणि यजमानांचं कल्याण झालं! हे तिसऱ्या जातीचं म्युटेशन. दुर्मिळ असतं, पण आपण सगळे इथं बसलोय ते त्याच्या जिवावर.” बाबांनी वाटी पुन्हा उचलली. आजी मात्र जाता जाता पुटपुटल्या, “डोळे आमच्याकडचेच.”

नानाकाकांना खरी मागणी आली ती कोरोनात. मार्च २०२१ मध्ये बातम्यांतून ‘डबल म्युटंट’ आला, त्याआधीच विदर्भातून अमरावतीचं नाव ऐकू येत होतं, आणि सोसायटीच्या ग्रुपवर सिनेमाच घुसला. विषाणू हुशार झाला, विषाणूने रूप पालटलं, विषाणू आता बदला घेतोय. ज्या लोकांनी वर्षानुवर्षं नानाकाकांना जिन्यात टाळलं, त्यांचे फोन सुरू झाले. रोज संध्याकाळी ते मास्क लावून गच्चीवर उभे राहायचे आणि लोक आपापल्या गॅलरीतून विचारायचे.

“हुशार कसला? त्याला डोकं नाही,” ते वरून ओरडून सांगायचे. “नक्कल करताना चुकतो तो. शंभर चुका वाया जातात, एखादी चालून जाते. जितक्या जास्त माणसांत शिरेल तितक्या नकला, तितक्या चुका. त्याला माणसं देऊ नका, संपलं!” मे महिन्याच्या शेवटी जागतिक आरोग्य संघटनेने त्या डबल म्युटंटला डेल्टा नाव दिलं, तोवर आमच्या चार इमारतींतला प्रत्येक म्हातारा आणि म्हातारी त्यांनी लशीच्या रांगेत उभी केली होती. ज्यांना मोबाइलवर नोंदणी जमेना, त्यांची यादी लाल पेनाने लिहून ते स्वतः करत बसायचे. तळमजल्यावरच्या आजोबांना लशीने आपला डीएनए बदलेल अशी धास्ती होती. नानाकाका त्यांच्या दारात खुर्ची टाकून बसले. “पेशी कुठली?” त्यांनी विचारलं. “लस दंडात. तिचा निरोप तुमच्या डीएनएत मिसळतच नाही, आणि काही दिवसांनी विरून जातो. आणि तुमचा डीएनए बदलून मी सोसायटीचा थकलेला मेंटेनन्स वसूल करू शकलो असतो, तर कधीच बदलला असता.” आजोबा हसले आणि टोचून आले.

एकाच ठिकाणी ते विनोद करत नाहीत. सुरुवातीची काही वर्षं त्यांनी गडचिरोलीकडे नोकरी केली. तिथे वर्गातली मुलं सांधे धरून, वेदनेने वाकडी होऊन घरी जाताना त्यांनी पाहिली आहेत. सिकल सेल. हिमोग्लोबिनच्या एका साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन. तीन अब्जांत एक अक्षर इकडचं तिकडे. हाच बदल एकाच पालकाकडून आला तर मलेरियापासून रक्षण करतो, दोघांकडून आला तर लाल पेशी कोयत्यासारख्या वाकतात आणि रक्तवाहिन्यांत अडकतात. म्हणून कुणाच्या घरी कांदेपोह्यांचा कार्यक्रम ठरला की नानाकाका आगंतुकासारखे हजर होतात. “छत्तीस गुण जुळू देत. पण दोघांचं रक्त तपासून घ्या, थॅलेसेमियाचं, सिकल सेलचं. दोघंही वाहक निघाले तर प्रत्येक गरोदरपणात चारात एक अशी जोखीम. आधी कळलं तर उपाय आहेत.” लोक रागावतात, अपशकुनी म्हणतात. मग दुसऱ्या दिवशी गुपचूप येऊन प्रयोगशाळेचा पत्ता घेतात. ते तो चिठ्ठीवर लिहूनच ठेवतात, लाल पेनाने.

मला वाटतं, नानाकाकांचं सिनेमांशी भांडण आहे ते एवढंच. पडद्यावर म्युटंट म्हणजे निराळा कुणी तरी, ज्याला भ्यावं किंवा पुजावं. नानाकाकांना जिन्यात भेटणारा प्रत्येक जण म्युटंट दिसतो आणि त्यात त्यांना काडीचंही आश्चर्य वाटत नाही; कौतुक मात्र रोज नव्याने वाटतं. जॉन विंडमची ‘द क्रिसालिड्स’ ही १९५५ची कादंबरी ते सोसायटीतल्या प्रत्येक नववीतल्या पोराला वाचायला देतात. तिच्यातल्या गावात पायाला सहा बोटं असलेल्या मुलीला लपून राहावं लागतं, कारण तिथे प्रत्येक जण ठरलेल्या मापाचा हवा. पुस्तक परत आणून देणाऱ्याला ते पहिलं विचारतात, “माप कुणाचं घेतलं होतं रे त्यांनी?”

मागच्या महिन्यात नातू पुन्हा आला. आता दहावीत आहे, आजोबांपुढे सांभाळून बोलतो. तरी त्याने विचारलंच, “आजोबा, खरं सांगा, एखादी शक्ती मिळाली असती तर कुठली घेतली असती?” आम्ही सगळे ‘तसं नसतं ते’ची वाट बघत होतो. नानाकाका बराच वेळ गुडघा चोळत बसले.

“एक्स-मेनमधला तो पंजेवाला. वुल्व्हरिन. त्याचं सगळं भरून येतं ना? कूर्चासुद्धा?”

“पेशी कुठली?” नातवाने विचारलं.

“गुडघ्याची!” नानाकाका म्हणाले. “आणि विज्ञान गेलं खड्ड्यात.”

काकूंनी हे ऐकून वही काढली आणि एक्स-मेनच्या चारचे पाच केले. नानाकाकांनी बघून न बघितल्यासारखं केलं.

पुढच्या शुक्रवारी तसलाच नवा सिनेमा लागतोय. काकूंनी स्वच्छ नकार दिलाय, नातू क्लासचं निमित्त सांगून निसटलाय, म्हणून त्यांनी मला गाठलं. मी अट घातली, एक शब्द बोलायचा नाही. नानाकाकांनी गंभीरपणे मान हलवली, खिशातलं लाल पेन काढून काकूंकडे दिलं आणि म्हणाले, “मध्यंतरापर्यंत नाही बोलणार.”